आषाढात मालवणास

कोकणात पावसाळ्यात प्रवासास निघू नये, असा आमच्या घरातील वडील माणसांचा दंडक होता. त्यामागे शास्त्राधार कोणताही नव्हता. ओहोळ भरून वाहतात, साकव मोडतात आणि भिजलेले धोतर तीन दिवस वाळत नाही, एवढाच काय तो अनुभव. तरीही २०२४ सालच्या जुलै महिन्यात आम्ही मालवणास जाण्याचे योजिले, ते पंचांग पाहून. त्या वर्षी आषाढ शुद्ध प्रतिपदा ६ जुलै या तारखेस येत होती. प्रतिपदेस आपल्याकडे कालिदासदिन पाळतात, हे वाचकांस ठाऊकच आहे. आणि ६ जुलै ही डॉक्टर रामकृष्ण गोपाळ भांडारकर यांची जन्मतारीख. १८३७ साली त्याच तारखेस ते मालवणात जन्मले. कवीचा दिवस आणि संस्कृत ग्रंथांचे शोधन करण्यात जन्म घालविलेल्या पंडिताचा दिवस असे एकत्र आलेले पाहून मन स्वस्थ बसू देईना. तिसरेही एक कारण होते. ते सांगावयास थोडे जड जाते, म्हणून पुढे सांगू.

राजापूरला आमच्या भाच्याचे बिऱ्हाड आहे. तेथे एक रात्र काढून सकाळच्या एस. टी.ने निघालो. खारेपाटण येईतो पाऊस असा लागला की गाडीच्या काचांवरून पाण्याचे पडदे उतरू लागले. नदी गढूळ पाण्याने दुथडी भरून चालली होती. शेजारच्या आसनावरील गृहस्थांस आम्ही म्हटले, "या गावाचा ताम्रपट प्रसिद्ध आहे बरे का!" त्यांनी सौजन्याने मान हलविली आणि डोळे मिटून घेतले. त्यांचा दोष नाही. ताम्रपट म्हटले की भल्याभल्यांचे डोळे मिटतात.

परंतु ही हकीकत डोळे उघडे ठेवून ऐकण्यासारखी आहे. शके ९३० म्हणजे इसवी सन १००८ मधील तो लेख. दक्षिण कोकणचा शिलाहार राजा रट्टराज याने एका शैव आचार्यास दिलेल्या दानाचा. सह्याद्री आणि समुद्र यांमधील भूमी आपल्या मूळ पुरुषास राष्ट्रकूट राजा कृष्ण याच्या कृपेने मिळाली, असे त्यात सांगून मग सगळी वंशावळ दिली आहे. दक्षिण कोकणच्या या घराण्याचा इतिहास मुख्यतः अशा पत्र्यांवरच उभा आहे. एकोणिसाव्या शतकाच्या चौथ्या-पाचव्या दशकात तो खारेपाटणातील एका ब्राह्मणाच्या घरी सापडला आणि त्याचे वाचन प्रथम छापून प्रसिद्ध केले ते बाळशास्त्री जांभेकरांनी. 'दर्पण'कर्ते म्हणून त्यांचे नाव शाळकरी मुलासही येते. पण १८४५ साली ज्ञानेश्वरीची शिळाप्रत काढणारे आणि असले ताम्रपट लावणारे बाळशास्त्री कितीकांस माहीत असतात? १८४६ साली ते अल्पवयातच गेले. त्यांचे गाव पोंभुर्ले, देवगड तालुक्यातील.

आता पुढचा योग पाहावा. त्याच देवगड तालुक्यात कुवळे नावाचे गाव आहे. तेथे १३ मार्च १८९३ रोजी वासुदेव विष्णु मिराशी यांचा जन्म झाला. नागपूरच्या कॉलेजात संस्कृत शिकविता शिकविता त्यांनी कलचुरी आणि वाकाटक राजांचे लेख शोधून, तपासून, त्यांचे मोठमोठे खंड प्रसिद्ध केले. आणि १९७७ साली, वयाच्या चौऱ्याऐंशीव्या वर्षी, शिलाहारांच्या लेखांचा खंड काढला. खारेपाटणचा रट्टराज त्यात पुन्हा आलाच. म्हणजे पोंभुर्ल्याच्या पुत्राने जे पत्रे प्रथम वाचले, तेच सव्वाशेहून अधिक वर्षांनी कुवळ्याच्या पुत्राने पुन्हा निरखून पाहिले. मधल्या काळात कीलहॉर्नसारख्या जर्मन पंडितानेही ते वाचले होते. एकदा वाचून झालेली अक्षरे पुन्हा कशाला वाचावयाची, असे ज्यास वाटते त्याने या धंद्यात पडू नये.

कणकवली गेली, कसाल गेले. तेथून गाडी पश्चिमेस वळली. कसाल-मालवण रस्त्यावर दोन्ही अंगांस शेतात लावणी चालली होती. कुठे इरले दिसेल या आशेने आम्ही पाहत होतो; सारे प्लास्टिकचे कागद पांघरलेले. दुपारी बाराच्या सुमारास मालवण आले.

मालवणास जाऊन सिंधुदुर्ग पाहिला नाही, असे सांगितले तर लोक हसतील. पण पावसाळ्यात किल्ल्याच्या होड्या बंद असतात. आम्ही बंदरावर छत्री उलटी होऊ न देण्याच्या खटपटीत अर्धा तास उभे राहिलो. समोर कुरटे बेटावर शिवछत्रपतींनी १६६४ च्या नोव्हेंबरात पाया घातलेला तो कोट कधी दिसे, कधी पावसात पुसून जाई. लाटा तटावर आपटून पांढऱ्या होत. आम्ही मनाशी म्हटले, दहा वर्षांच्या एका मुलाने हेच पाहिले असेल. भांडारकरांचे वडील मामलेदार कचेरीत कारकून होते. १८४७ साली त्यांची रत्नागिरीस बदली झाली, आणि रत्नागिरीस इंग्रजी शाळा होती म्हणून मुलाचे भाग्य उघडले. बदली न होती तर कदाचित तोही कुठल्या कचेरीत कारकून होऊन सुखाने पेन्शन खाता. सरकारी बदल्यांस शिव्याशाप देणाऱ्यांनी ही गोष्ट ध्यानात ठेवावी.

रत्नागिरीहून मुंबईचे एल्फिन्स्टन कॉलेज. तेथे दादाभाई नौरोजींच्या हाताखाली त्यांनी गणित केले. १८६२ साली मुंबई विद्यापीठाचे पहिले पदवीधर झाले, त्यांत महादेव गोविंद रानड्यांबरोबर हे एक. गंमत अशी की ज्या संस्कृतासाठी जग त्यांस ओळखते, ते त्यांचा कॉलेजातील मुख्य विषय नव्हे. शिक्षणखात्याचे प्रमुख हॉवर्ड यांनी प्रोत्साहन दिले, तेव्हा हा इंग्रजी शिकलेला तरुण पुण्याच्या शास्त्र्यांपुढे मांडी घालून व्याकरण आणि न्याय पढावयास बसला. पुढे सिंधमधील हैदराबादेस आणि मग जेथे स्वतः शिकले त्या रत्नागिरीच्या शाळेत ते हेडमास्तर होते. ही गोष्ट आमच्यासारख्या मास्तरांनी अभिमानाने सांगावी अशी आहे. त्या शाळामास्तरकीच्या दिवसांचे फळ म्हणजे 'मार्गोपदेशिका' आणि 'संस्कृतमन्दिरान्तःप्रवेशिका' ही दोन पुस्तके. मॅट्रिक होऊन आम्ही पाठशाळेत गेलो तेव्हा आमच्या पिशवीत पहिल्या पुस्तकाची वडिलांनी वापरलेली प्रत होती. पाने पिवळी, पुठ्ठा सुटलेला. आमच्या वर्गातील एका मुलाने पुढे उत्तरपत्रिकेत 'भांडारकर म्हणजे भांडार राखणारा' असे लिहिले होते. आम्ही त्यास अर्धा गुण दिला, आणि आज वाटते, पुरा द्यावयास हवा होता.

कारण त्यांनी राखले ते खरोखरच भांडार. मुंबई इलाख्यातील संस्कृत हस्तलिखिते शोधून विकत घेण्याचे अगर नक्कल करविण्याचे काम सरकारने ज्या मोजक्या पंडितांवर सोपविले, त्यांत ते होते. गावोगावच्या ब्राह्मणांच्या घरची फडकी सोडून पाहावयाची, पानांची संख्या, ओळींची संख्या, लेखनाचा शक टिपावयाचा आणि त्यांचे अहवाल छापावयाचे. हा सरकारी संग्रह पुढे पुण्याच्या भांडारकर प्राच्यविद्या संशोधन मंदिराच्या स्वाधीन झाला, तेव्हा त्यात सुमारे वीस हजार हस्तलिखिते होती. मंदिराची स्थापना ६ जुलै १९१७ ची, म्हणजे त्यांच्या ऐंशीव्या वाढदिवसाची. आपला ग्रंथसंग्रहही त्यांनी तेथेच दिला.

१८७६ साली त्यांनी भवभूतीचे 'मालतीमाधव' जगद्धराच्या टीकेसह संपादून मुंबई संस्कृत ग्रंथमालेत काढले. संपादन म्हणजे काय, हे ज्यांस ठाऊक नाही त्यांच्यासाठी दोन शब्द सांगतो. जुना ग्रंथ एका प्रतीवरून छापणे म्हणजे एका साक्षीदारावरून फाशी देणे. निरनिराळ्या प्रांतांतल्या, निरनिराळ्या लिप्यांतल्या पोथ्या जमवावयाच्या. त्या शब्दागणिक ताडून पाहावयाच्या. कोणती पोथी कोणत्या पोथीची लेक आणि कोणती बहीण हे ओळखावयाचे. बरा वाटलेला पाठ वर छापावयाचा आणि न पटलेलेही सगळे पाठ खाली तळटीपेत प्रामाणिकपणे नोंदवावयाचे. या शेवटल्या गोष्टीतच सारे मर्म आहे. न पटलेला पाठ दडवून ठेवण्याचा अधिकार संपादकास नाही. उद्या कोणी अधिक शहाणा निघाला तर त्यास ती तळटीप लागेल. भांडारकरांनी स्वतःच १९०५ साली, एकोणतीस वर्षांनी, 'मालतीमाधव'ची दुसरी आवृत्ती काढली.

पुढची कीर्ती सर्वश्रुत आहे. १८८४ साली दख्खनचा प्राचीन इतिहास, १८८५ साली गॉटिंगेनची डॉक्टरी पदवी, १८८६ साली व्हिएन्नाच्या प्राच्यपंडितांच्या परिषदेस गमन, १८९३ साली डेक्कन कॉलेजातून निवृत्ती आणि लगेच दोन वर्षे विद्यापीठाचे कुलगुरुपद. १८९१ साली आपल्या विधवा कन्येचा पुनर्विवाह करून दिला, तेव्हा स्वजनांचा रोष ओढवून घेतला. एकदा पाठ निश्चित झाला की माघार नाही, ही वृत्ती घरातही तीच. १९१९ साली महाभारताच्या चिकित्सक आवृत्तीचा आरंभ त्यांच्या हस्ते झाला. २४ ऑगस्ट १९२५ रोजी ते वारले. त्याच वर्षी सुखटणकरांनी ते काम हाती घेतले आणि १९६६ साली ते पूर्ण झाले. १२५९ हस्तलिखिते त्यासाठी पाहिली गेली. मोठ्या कागदावर चौकटी आखून एकेका चौकटीत एकेक अक्षर लिहावयाचे आणि खाली प्रत्येक पोथीतील फरक तेवढा मांडावयाचा, अशी ती पद्धत. सत्तेचाळीस वर्षे हे चालले होते. आम्ही एकदा पुण्यास ते कागद दुरून पाहिले आहेत. पाहून डोळ्यांपुढे मुंग्या आल्या.

बंदरावर उभे असता हे सर्व आठवत होते. पण खरे सांगावयाचे तर मन दुसरीकडेच होते. आता ते तिसरे कारण सांगितले पाहिजे.

१९८३ सालची गोष्ट. आम्ही घाटावरच्या एका गावी शाळेत संस्कृत शिकवीत होतो. मामाकडे राहून शिकणारा एक मालवणकडचा मुलगा आमच्या वर्गात होता. आजोबा भिक्षुकी करीत, त्यांच्याकडून त्याने पुष्कळसे पाठ केलेले. आवाज स्वच्छ, उच्चार आमच्याहून शुद्ध. आषाढातील प्रतिपदेस शाळेत कालिदासदिन झाला, तेव्हा 'मेघदूता'चे आरंभीचे श्लोक म्हणावयास आम्ही त्यास उभे केले. दुसऱ्याच श्लोकात 'आषाढाच्या प्रथम दिवशी' हे जे सर्वांच्या तोंडी असलेले वचन, तेथे तो 'प्रथम' न म्हणता 'प्रशम' म्हणाला.

"थांब," आम्ही म्हणालो. "पुन्हा म्हण."

पुन्हा 'प्रशम'.

"कालिदासदिन आज कशासाठी रे साजरा करतो आपण? प्रथम दिवस म्हणून ना?"

"गुरुजी, आजोबा असंच म्हणतात."

"आजोबांचे दात पडले असतील," आम्ही म्हणालो.

सारी सभा हसली. पाहुणेही हसले. मुलगा 'प्रथम' म्हणून पुढे गेला. पण आवाज खाली गेला होता. तो शेवटपर्यंत वर आला नाही.

त्यानंतर आठ-दहा वर्षांनी एका ग्रंथालयात हुल्ट्श यांनी १९११ साली लंडनहून प्रसिद्ध केलेली 'मेघदूता'ची प्रत आमच्या हाती आली. तीत काश्मीरच्या वल्लभदेवाची टीका आहे. हा दहाव्या शतकातला, उपलब्ध टीकाकारांत फार जुना. तो 'प्रशम' असाच पाठ घेतो. प्रशम दिवस म्हणजे मास शमतो तो दिवस, अखेरचा. त्या बाजूने बोलण्यासारखे पुष्कळ आहे. चौथ्या श्लोकात श्रावण जवळ येऊन ठेपल्याचे कवी सांगतो. पहिल्या दिवशी श्रावण महिनाभर लांब, अखेरच्या दिवशी मात्र उंबऱ्यावर. उलट मल्लिनाथ 'प्रथम' धरून बसला आहे आणि 'प्रशम' म्हणणाऱ्यांचे मत खोडून काढतो. आणि खोडून काढतो म्हणजेच त्याच्या काळी तसे म्हणणारे होते! आमचे स्वतःचे मत विचाराल तर आम्हांस आजही 'प्रथम' हाच पाठ गोड वाटतो. महामहोपाध्याय मिराशींनी रामटेक हाच मेघदूतातला रामगिरी असे प्रतिपादिले; त्या डोंगरावर आषाढाचा पहिला मेघ पाहिलेला मनुष्य 'प्रथम' सोडावयास सहज तयार होणार नाही. पण प्रश्न तो नाही. प्रश्न असा की, तेरा वर्षांचे पोर एक जुना पाठ घेऊन आमच्यापुढे उभे होते, आणि आम्ही त्यास विचारले नाही की, बाळ, आजोबा हे कुठून शिकले?

तो मुलगा आता चौपन्न वर्षांचा आहे. मधून मधून त्याचे पत्र येई. गेल्या वैशाखात लिहिले होते, "घर दुरुस्तीस काढले आहे. माळ्यावरून आजोबांच्या पोथ्या उतरविल्या. काही वाळवीने खाल्ल्या, काही टाकून द्याव्या असे लोक म्हणतात. गुरुजी, एकदा पाहून जाल का?" त्या पत्रात १९८३ सालचा उल्लेख नव्हता. त्यामुळेच ते आम्हांस अधिक टोचले.

दुसऱ्या दिवशी सकाळी त्याच्या गावी निघालो. चौके ओलांडून धामापूरच्या तलावावरून रस्ता कर्ली नदीकडे उतरतो. तलावाच्या काठची झाडी पावसाने काळीभोर झाली होती. नदीपलीकडे कुडाळचा मुलूख. जुन्या सावंतवाडी संस्थानातला. तिकडे बांबुळी नावाचे गाव आहे, आणि तेथे १८४० साली शंकर पांडुरंग पंडित जन्मले. भांडारकरांहून तीन वर्षांनी लहान. नाव तितके गाजले नाही. पण आमच्या मते संपादक म्हणून त्यांची योग्यता तिळभर कमी नाही, आणि एका बाबतीत तर ते सर्वांच्या पुढे होते.

हे गृहस्थ सरकारी अधिकारी. मुंबई सरकारचे प्राच्य भाषांतरकार, अखेरीस पोरबंदर संस्थानचे प्रशासक. स्वामी विवेकानंद पोरबंदरास आले तेव्हा यांच्याच घरी राहिले होते. दिवसा कचेरी आणि रात्री पोथ्या. 'मालविकाग्निमित्र', 'रघुवंश', 'विक्रमोर्वशीय' ही कालिदासाची तिन्ही संपादिली. प्राकृतातले 'गउडवहो' संपादिले. तुकोबांची गाथा विष्णु परशुराम शास्त्री पंडितांकडून देहू, तळेगाव, कडूस आणि पंढरपूर येथील वह्या मिळवून सिद्ध करविली, त्या कामावर देखरेख यांची. 'वेदार्थयत्न' नावाचे मासिक काढून ऋग्वेदाचा अर्थ मराठीत आणि इंग्रजीत सांगितला. पंडिता क्षमा राव या त्यांच्या कन्या. त्यांनी पित्याचे चरित्र संस्कृत पद्यात लिहिले.

पण त्यांचे मोठे कार्य सायणभाष्यासह अथर्ववेद. अथर्ववेदाचे वैदिक तेव्हाच फार थोडे उरले होते. पंडितांनी हस्तलिखिते जमविलीच. शिवाय तीन अथर्ववेदी वैदिकांस शोधून काढले, त्यांपैकी एक साताऱ्याजवळच्या माहुलीचे. त्यांच्याकडून संहिता मुखाने म्हणवून घेतली आणि एकेकाचा पाठ पोथीप्रमाणेच एक स्वतंत्र प्रत समजून तळटीपेत नोंदविला. अमुक पोथी असे म्हणते, अमुक भटजी असे म्हणतात! युरोपातील पंडितांस याचे मोठे नवल वाटले. चालती बोलती, विडा खाणारी, खोकणारी हस्तलिखिते. १८९४ साली पंडित निवर्तले आणि चार खंड १८९५ ते १८९८ या काळात, त्यांच्या मागे, प्रसिद्ध झाले. छापलेला पहिला खंडसुद्धा त्यांनी हाती धरला नाही.

नदीवर एस. टी. थांबली असता हे आठवले, आणि १९८३ साली आपण काय केले याचे खरे नाव आम्हांस तेथे सापडले. आम्ही एका हस्तलिखितावर हरताळ फासला होता. आजच्या मुलांस हरताळ म्हणजे बंद दुकाने एवढेच ठाऊक. पोथी लिहिणारे लेखक चुकलेले अक्षर झाकण्यासाठी त्यावर हरताळाचा पिवळा लेप देत आणि वाळल्यावर त्यावर दुसरे लिहीत. वचनास अगर तत्त्वास हरताळ फासणे हा आपला वाक्प्रचार तेथून आला.

घर नदीपासून दोन शेते टाकून. अर्ध्यावर नवे पत्रे, अर्ध्यावर जुनी नळ्यांची कौले. आमचा विद्यार्थी छत्री घेऊन पाणंदीत उभा होता; केस पांढरे झालेले. त्याने वाकून नमस्कार केला तेव्हा आम्ही जे बोलण्याचे ठरवून गेलो होतो ते घशातच राहिले.

पोथ्या ओटीवर तक्तपोसावर मांडल्या होत्या. बहुतेक नित्याच्या: रुद्र, पवमान, सत्यनारायण, एक अर्धवट मुहूर्तग्रंथ. 'मेघदूत' लाल फडक्यात होते. पाने बत्तीस, शेवटची काही गहाळ. त्यामुळे लेखकाचे नाव नाही की शक नाही. दर पानास नऊ ओळी. अक्षर टपोरे. पहिले पान उलटले. दुसऱ्या श्लोकात तो शब्द होता, आणि त्याच्या मधल्या अक्षरावर पिवळा डाग होता. हरताळ. खाली 'थ' अस्पष्ट दिसत होता. वर अधिक काळ्या शाईत 'श'.

आम्ही किती वेळ त्या डागाकडे पाहत होतो कोण जाणे. कोणा एकाने विचारपूर्वक, लेप देऊन, वाळू देऊन, अक्षर बदलले होते. कोणत्या आधारावर? कोणाच्या तोंडून ऐकून? कोणती दुसरी पोथी पाहून? १९८३ साली हे सांगू शकणारा मनुष्य जिवंत होता.

"त्या दिवाळीत तू घरी आलास, तेव्हा आजोबांस सांगितलेस का?" आम्ही विचारले.

तो जरा थांबला. "सांगितलं, गुरुजी. म्हटलं, शाळेत 'प्रथम' म्हणतात. आजोबा म्हणाले, गुरुजी सांगतात तसं म्हण. गुरुजींचं मोडू नये. पुढल्या वर्षी ते गेले."

"आणि तू?"

"मी 'प्रथम'च म्हणतो. मुलीला शिकवलं तेही 'प्रथम'च."

आम्ही त्याची क्षमा मागितली. तो संकोचून उभाच राहिला आणि "गुरुजी, असं काय बोलता," म्हणून पोथी फडक्यात गुंडाळू लागला. त्याच्या कन्येने मात्र, ती कॉलेजात शिकते, पोथी पुन्हा सोडून एकेका पानाचे मोबाईलवर फोटो काढावयास आरंभ केला. हरताळाच्या पानाचे तिने तीन काढले, एक खिडकीच्या उजेडात तिरपे धरून. तिरप्या उजेडात 'थ' अधिक स्पष्ट दिसला. ही युक्ती आम्हांस सुचली नव्हती.

"गुरुजी, जेवूक चला," आतून हाक आली. विद्यार्थ्याच्या मातोश्री. भात, कुळथाची पिठी, फणसाच्या आठळ्यांची भाजी आणि सोलकढी. जेवता जेवता आम्ही सहज विचारले, "वहिनी, तुमचे मामंजी रोज पाठ म्हणत, तो तुमच्या कानांवर पडत असेल?"

"रोज पडे. वीस वर्षे ऐकला. मला कळत नाही काही, पण चाल येते," असे म्हणून वाढता वाढता त्यांनी श्लोकाचा तो चरण गुणगुणला. शब्द अर्धे गळालेले, जोडाक्षरे मोडलेली. पण त्या शब्दात 'श' होता. आम्ही आणि विद्यार्थी दोघेही घास हातात घेऊन बसलो.

"पण हा रोजचा नव्हे," त्या म्हणाल्या. "हा मामंजी दिव्यांच्या अवसेला म्हणत. मी पाटावर दिवे मांडून लावले की मग. एरवी त्यांचे दुसरे चाले."

दिव्यांची अवस म्हणजे आषाढी अमावास्या. आपल्या गणनेने आषाढाचा अखेरचा दिवस. आम्ही पाठ 'प्रशम' की 'प्रथम' म्हणून चाळीस वर्षे पुस्तके चाळीत होतो, आणि या घरात तो श्लोक कोणत्या तिथीस म्हणावयाचा हेही ठरलेले होते.

हात धुऊन आम्ही वही काढली. मार्गोपदेशिकेच्या कर्त्याने आपल्या अहवालांत ज्या रीतीने पोथ्यांची वर्णने दिली, त्या रीतीने लिहिले: पाने बत्तीस, अपूर्ण, ओळी नऊ, लेखक व शक नाही, दुसऱ्या श्लोकात हरताळ देऊन 'थ'चा 'श' केलेला. खाली दुसरी नोंद केली: मुखपाठ 'प्रशम', आषाढी अमावास्येस म्हणण्याचा प्रघात, साक्षी, पोथी बाळगणाऱ्याची सून, वय ८१, संस्कृत येत नाही. हे बाईंस वाचून दाखविले. त्यांनी सर्व नीट ऐकून घेतले आणि म्हणाल्या, "येत्या कार्तिकात त्र्याऐंशीवे लागेल. एक्याऐंशी नव्हे." आम्ही वहीत ८१ वर एक रेघ ओढून पुढे ८२ लिहिले. खालचा आकडा वाचता येईल अशीच ती रेघ ओढली आहे.